पडदा कोणाच्या मालकीचा?

दक्षिण कोरियाचे दिग्दर्शक ना हाँग-जिन यांच्या 'होप' या येऊ घातलेल्या चित्रपटाची चर्चा चित्रपटरसिकांच्या वर्तुळात बराच काळ चालू आहे. २०१६ च्या 'द वेलिंग'नंतरचा हा त्यांचा चित्रपट. एका दूरच्या बंदरगावाच्या वेशीवर काहीतरी अज्ञात सापडते आणि गावकऱ्यांना जगण्यासाठी झुंज द्यावी लागते, एवढेच त्याच्या कथानकाविषयी जाहीर झाले आहे. विज्ञानकल्पना आणि थरार यांचा हा मेळ आहे. त्यात ह्वांग जंग-मिन, जो इन-संग आणि हो-यॉन या कोरियन कलावंतांच्या बरोबरीने मायकेल फासबेंडर, अलिशिया विकंदर, टेलर रसेल हे पाश्चात्त्य नटनटीही भूमिका करीत आहेत. आशियातील चित्रपटाने हॉलिवूडच्या दारी उभे राहावे, हीच आजवरची रीत होती. येथे हॉलिवूडचे नट कोरियन दिग्दर्शकाच्या हाताखाली, कोरियन खेड्याच्या गोष्टीत काम करण्यास आले आहेत.

एका चित्रपटाच्या बातमीवर राजकीय साप्ताहिकाने संपादकीय का लिहावे, अशी शंका काही कार्यकर्त्यांच्या मनात येईल. महागाई, बेकारी आणि गिरणी कामगारांच्या घरांचा प्रश्न समोर असताना ही चैन कशासाठी, असेही कोणी विचारील. शंका रास्त आहे. परंतु हा चित्रपट मुंबईत लागलाच तर तो कोठे लागेल, त्याचे तिकीट कोणाला परवडेल, आणि ज्या जमिनीवर तो दाखवला जाईल ती जमीन मूळची कोणत्या कामासाठी होती, हे तीन प्रश्न विचारताच विषय करमणुकीच्या पानावरून उठतो आणि थेट मालकीच्या प्रश्नापाशी येऊन थांबतो. गिरगाव, दादर, परळ आणि लालबाग या चार वस्त्यांपुरता विचार केला तरी ही गोष्ट स्पष्ट होते.

भारतीय चित्रपटाचा जन्म याच पट्ट्यात झाला. ७ जुलै १८९६ रोजी ल्युमिएर बंधूंच्या माणसांनी काळा घोड्याजवळच्या वॉटसन हॉटेलात हलती चित्रे दाखवली, तेव्हा तिकिटाचा दर एक रुपया होता. तो खेळ साहेबलोकांसाठी व त्यांच्या पंगतीत बसणाऱ्या धनिकांसाठी होता. मात्र आठवड्याभरातच हे खेळ नॉव्हेल्टी थिएटरात गेले आणि तेथे चार आण्यांपासून दोन रुपयांपर्यंत निरनिराळे दर ठेवण्यात आले. चार आणे मोजणाऱ्या माणसावाचून हा धंदा चालणार नाही, हे परदेशी व्यापाऱ्याला आठ दिवसांत उमगले. सव्वाशे वर्षांनंतरच्या आपल्या चित्रपट-व्यवसायाला मात्र ते उमजेनासे झाले आहे.

१९११ च्या ईस्टरच्या दिवसांत दादासाहेब फाळके यांनी गिरगावच्या अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये ख्रिस्ताच्या जीवनावरील परदेशी चित्रपट पाहिला. आपल्या देशातील कथा अशाच पडद्यावर का येऊ नयेत, या ध्यासाने त्यांनी विम्याच्या पॉलिसी गहाण टाकल्या, १९१२ मध्ये लंडनला जाऊन तंत्र शिकून घेतले, कॅमेरा आणला आणि दादरला राहत्या घरी स्टुडिओ थाटला. तारामतीच्या भूमिकेसाठी स्त्री मिळेना, तेव्हा एका उपाहारगृहात काम करणाऱ्या साळुंके नावाच्या तरुणाला त्यांनी उभे केले. ३ मे १९१३ रोजी गिरगावात सँडहर्स्ट रोडवरील कॉरोनेशनमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला. पुढे १४ मार्च १९३१ रोजी गिरगावच्याच मॅजेस्टिकमध्ये 'आलम आरा' हा पहिला बोलपट झळकला. म्हणजे देशातील पहिला कथापट आणि पहिला बोलपट हे दोन्ही मान गिरगावचे आहेत. आणि या साऱ्या उद्योगाची सुरुवात एका परदेशी चित्रपटाच्या दर्शनाने झाली, हेही ध्यानात ठेवले पाहिजे. परदेशी कलाकृती पाहिल्याने देशी प्रतिभा बुडत नाही. उलट ती जागी होते. मात्र त्यासाठी तिला स्वतःचा पडदा मिळावा लागतो.

फाळक्यांनंतर हा व्यवसाय ज्यांच्या खिशातल्या आण्या-दोन आण्यांवर उभा राहिला, त्यांत गिरणगावचा वाटा मोठा होता. कोकणातून, घाटावरून आलेला कामगार परळ-लालबागच्या चाळीत एका खोलीत दहा-बारा जणांबरोबर राहत होता. पाळी संपल्यावर पाय पसरायलाही जागा नसलेल्या या माणसाला चित्रपटगृहातील तीन तास म्हणजे हक्काची बैठक होती. लालबागच्या हनुमान थिएटरात त्याला तमाशा पाहायला मिळे, परळच्या दामोदर नाट्यगृहात कामगारांची नाटके होत, चौकाचौकांत अण्णाभाऊ साठे आणि अमर शेख यांचे कलापथक उभे राही आणि चित्रपटगृहात पुढच्या स्वस्त बाकांवरून तो पडद्याशी बोलत असे. गिरणगावची ही संस्कृती कोणी वरून दिलेली नव्हती. ती घामाच्या कमाईतून उभी राहिली होती.

पडद्यावर काय दिसावे हे मात्र त्याच्या हाती नव्हते. १९३४ मध्ये मोहन भवनानी यांनी प्रेमचंदांच्या लेखणीतून 'मिल' हा कापडगिरणीतील कामगारांचा चित्रपट काढला. मुंबईत, म्हणजे जेथे गिरण्या होत्या आणि जेथे तो पाहण्याची खरी गरज होती तेथेच, त्यावर बंदी आली. कामगाराने नाचगाणी पाहावीत, देवादिकांचे चमत्कार पाहावेत, परंतु स्वतःला पाहू नये, असा त्या बंदीचा अर्थ होता. पडद्याची मालकी हा राजकीय प्रश्न आहे, याचा याहून सरळ दाखला दुसरा कोणता असणार?

१८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली अडीच लाखांच्या आसपास गिरणी कामगार संपावर गेले. त्या संपाचे पुढे काय झाले, हे या पानाच्या वाचकांना सांगण्याची आवश्यकता नाही. गिरण्या बंद पडत गेल्या आणि यंत्रांपेक्षा त्यांच्या खालची जमीन मौल्यवान ठरली. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीने या जमिनींचे तीन वाटे ठरवले होते. एक वाटा मोकळ्या जागांसाठी महापालिकेला, एक सार्वजनिक घरबांधणीसाठी म्हाडाला आणि उरलेला मालकाला. २००१ मध्ये नियम बदलला. बांधकामाखालची जमीन हिशेबातून वगळून केवळ रिकाम्या जमिनीचीच वाटणी करावयाची, असे ठरले. शहराच्या वाट्याला येणारी जमीन एका लेखणीसरशी आक्रसली. मुंबई उच्च न्यायालयाने २००५ मध्ये ही वाट अडवली होती. मार्च २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती पुन्हा मोकळी केली. जेथे भोंगा वाजत होता तेथे मॉल उभे राहिले. लोअर परळच्या फिनिक्स मिलच्या आवारात आता दिव्यांच्या झगमगाटात बहुपडदा चित्रपटगृह चालते. गिरणी कामगाराचा नातू तेथे जातो, पण पुष्कळदा तो गणवेश घालून, तिकीट तपासण्यासाठी किंवा दारावर पहारा करण्यासाठी.

दुसऱ्या बाजूस जुनी चित्रपटगृहे एकामागून एक मिटत गेली. 'आलम आरा' दाखवणारे मॅजेस्टिक केव्हाच गेले आणि नाव तेवढे व्यापारी संकुलाला उरले. दादरचे चित्रा २०१९ मध्ये बंद झाले. परळचे दामोदर नाट्यगृह २०२३ मध्ये पुनर्विकासासाठी बंद करण्यात आले, तेव्हा रंगकर्मींना आंदोलन करावे लागले. लालबागचे भारतमाता हे मराठी चित्रपटाचे हक्काचे घर. ते राष्ट्रीय वस्त्रोद्योग महामंडळाच्या जमिनीवर आहे, आणि ती जमीन रिकामी करून घेण्याच्या हालचालींविरुद्ध कर्मचारी, कलावंत आणि रहिवासी यांना रस्त्यावर उतरावे लागले. दादरचे प्लाझा १२ मार्च १९९३ च्या बाँबस्फोटाचा तडाखा सोसून पुन्हा उभे राहिले. पण अशी अपवादात्मक घरे मोजायला एका हाताची बोटे पुरतात. ज्या भागाने देशाला पडदा दिला, त्या भागात सामान्य माणसाला परवडेल असा पडदा शोधावा लागतो, ही आजची वस्तुस्थिती आहे.

आता कोरियाकडे वळणे इष्ट ठरेल. तेथील चित्रपटाचे यश हे काही दैवी वरदान नव्हे, की बाजारपेठेच्या मुक्त लीलेचे फळ नव्हे. १९१० ते १९४५ जपानची गुलामगिरी, मग फाळणी, युद्ध आणि दीर्घकाळ लष्करी हुकूमशाही, असा त्या देशाचा इतिहास आहे. चित्रपटगृहांनी वर्षातील ठरावीक दिवस देशी चित्रपट दाखवलेच पाहिजेत, हा नियम तेथे १९६६ पासून आहे. तो हुकूमशाहीच्या काळात आला आणि त्याच राजवटीने सेन्सॉरची कात्रीही निर्दयपणे चालवली, हे लपवण्याचे कारण नाही. १९८० च्या दशकाच्या मध्यापासून ही मर्यादा वर्षाकाठी १४६ दिवसांची होती. १९८८ मध्ये अमेरिकी कंपन्यांना थेट वितरणाची मुभा मिळताच चित्रपटकर्मी रस्त्यावर आले. विरोध इतका तीव्र होता की चित्रपटगृहात साप सोडण्यापर्यंत मजल गेली. मार्ग चुकीचा होता, परंतु त्यामागची धास्ती खोटी नव्हती.

पुढच्या दहा-बारा वर्षांत दोन गोष्टी घडल्या. लोकशाहीच्या चळवळीने हुकूमशाही मागे रेटली आणि १९९६ मध्ये तेथील घटना न्यायालयाने चित्रपटावरील पूर्वनियंत्रण घटनाबाह्य ठरवले. त्याच वर्षी बुसानचा आंतरराष्ट्रीय महोत्सव सुरू झाला. दुसरीकडे, 'ज्युरासिक पार्क' या एका चित्रपटाची कमाई पंधरा लाख ह्युंदाई मोटारी विकण्याइतकी आहे, असा हिशेब १९९४ मध्ये एका सरकारी अहवालाने राष्ट्राध्यक्षांसमोर मांडला आणि शासनाला संस्कृतीत एकाएकी अर्थशास्त्र दिसू लागले. १९९९ मध्ये चित्रपट परिषद स्थापन झाली. २००७ मध्ये प्रत्येक तिकिटामागे तीन टक्के आकार सुरू करून चित्रपट-विकास निधी उभारण्यात आला. नव्या शतकाच्या पहिल्या दशकात तेथील निम्म्याच्या आसपास प्रेक्षक देशी चित्रपट पाहू लागले होते. राखीव पडदा, मोकळी लेखणी आणि सार्वजनिक निधी या तीन पायांवर ही इमारत उभी आहे. यांतील एकही पाय बाजारपेठेने आपणहून दिलेला नाही.

अमेरिकेला हे अर्थातच रुचले नाही. मुक्त व्यापार कराराच्या वाटाघाटी सुरू करण्यापूर्वी राखीव दिवस कमी करा, असा तगादा तिने लावला. २००६ मध्ये १४६ चे ७३ दिवस झाले. नामवंत नट चोई मिन-शिक यांनी सरकारने दिलेले सांस्कृतिक पदक परत केले. प्रथितयश कलावंत शेतकऱ्यांच्या आणि कामगारांच्या खांद्याला खांदा लावून कराराविरुद्ध उभे राहिले. लढाई अर्धी हरली, पण तोवर प्रेक्षक तयार झाला होता. एका पिढीने आपल्या भाषेतील गोष्ट आपल्या गावच्या पडद्यावर पाहण्याची सवय लावून घेतली होती. ती सवय व्यापार कराराला मोडता आली नाही.

या भूमीतूनच २०१३ मध्ये बाँग जून-हो यांचा 'स्नोपीअर्सर' निघाला. 'होप'च्या आधीचे बहुदेशीय नटसंचाचे हे ठळक उदाहरण समाजवादी विचाराच्या वाचकाने आवर्जून पाहावे असे आहे. १९८२ च्या एका फ्रेंच चित्रकथेवर तो आधारला आहे. म्हणजे गिरणगाव संपावर होता त्याच वर्षीची ती कल्पना. पृथ्वीचे तापमान उतरवण्याचा प्रयोग फसून सारे जग गोठते. उरलीसुरली माणसे कधीही न थांबणाऱ्या एका आगगाडीत कोंडली जातात. शेपटीच्या डब्यांत दाटीवाटीने भरलेले गरीब कीटकांपासून बनवलेल्या काळ्या वड्या खातात, तर पुढच्या डब्यांत बागा, शाळा आणि नाचरंग. इंजिन ज्याच्या हाती, त्याचा कायदा. आणि त्या इंजिनाचे झिजलेले भाग मिळेनासे होतात, तेव्हा त्यांच्या जागी शेपटीच्या डब्यातील लहान मुले बसवली जातात! पैसा कोरियाचा, चित्रीकरण प्राग शहरात, साँग कांग-हो यांच्यासमवेत ख्रिस इव्हान्स, टिल्डा स्विंटन, एड हॅरिस असे नट, आणि विषय वर्गयुद्धाचा. अमेरिकी वितरकाने वीस मिनिटे कापण्याचा हट्ट धरला. दिग्दर्शकाने तो मानला नाही. परिणामी अमेरिकेत चित्रपट प्रारंभी थोड्याच पडद्यांवर लागला, पण तो दिग्दर्शकाच्या मनासारखा लागला. घरी भक्कम पडदा असलेल्या कलावंतालाच परक्या बाजारात 'नाही' म्हणण्याची ताकद येते. आंतरराष्ट्रीय नटसंच हे या स्वायत्ततेचे फळ आहे. हे मूळ न पाहता केवळ फळाचे अनुकरण करू जाणाऱ्यांच्या हाती महागडे चेहरे येतील, चित्रपट येणार नाही.

तथापि कोरियाला नंदनवन मानण्याची चूक कोणी करू नये. तेथेही चित्रपटगृहांच्या साखळ्या मोजक्या उद्योगघराण्यांच्या मुठीत आहेत. निर्मिती, वितरण व प्रदर्शन एकाच हाती असल्याने लहान चित्रपटाचा श्वास कोंडतो. 'स्नोपीअर्सर'मागेही असेच एक बडे घराणे होते. २० जानेवारी २००९ रोजी सेऊलच्या यंगसान भागात पुनर्विकासाविरुद्ध छतावर ठाण मांडलेल्या भाडेकरूंवर पोलीस चालून गेले आणि लागलेल्या आगीत पाच आंदोलक व एक पोलीस मृत्युमुखी पडला. जमिनीच्या भावापुढे माणसाचा भाव शून्य, हा नियम सेऊललाही लागू आहे आणि परळलाही. पुढे पार्क ग्युन-हे यांच्या कारकिर्दीत नऊ हजारांहून अधिक कलावंतांची काळी यादी बनवली गेली. तिच्यात खुद्द बाँग जून-हो यांचेही नाव होते. लाखो नागरिकांनी मेणबत्त्या घेऊन ते सरकार खाली खेचले, तेव्हा कोठे ती यादी निकालात निघाली.

कामगार चळवळीने याहून महत्त्वाची नोंद घ्यावी ती वेगळीच आहे. तेथील चित्रपट कामगारांनी २००५ मध्ये आपली देशव्यापी संघटना बांधली. २०११ मध्ये एका तरुण पटकथालेखिकेचा हलाखीत मृत्यू झाला, देश हळहळला, आणि त्याच वर्षी कलावंत कल्याणाचा कायदा संमत झाला. संघटनेच्या रेट्यातून चित्रपट कामगारांसाठी प्रमाणित करारनामा आला. २०१९ चा 'पॅरासाइट' याच कराराखाली, कामाचे तास पाळून चित्रित झाला. त्याला कानचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले आणि २०२० मध्ये ऑस्करचा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा मान मिळवणारा तो पहिला इंग्रजीतर चित्रपट ठरला. तळघरात राहणाऱ्या कुटुंबाची ही कथा घडवताना दिवे उचलणाऱ्या माणसाच्या झोपेचाही विचार झाला होता. कामगाराला पिळून घेतल्यावाचून उत्तम कला होत नाही, असे सांगणाऱ्यांना हे उत्तर पुरेसे आहे. मुंबईच्या स्टुडिओंत दिवसाच्या कामाला रात्र जोडणाऱ्यांनी ते वाचून पाहावे.

मग महाराष्ट्रात अडते कोठे? कल्पनाशक्तीचा तुटवडा आहे, असे म्हणावे तर मराठीत विज्ञानकथेची परंपरा दांडगी आहे. मराठी विज्ञान परिषद १९६६ पासून कार्यरत आहे. तिच्या १९७४ च्या कथास्पर्धेत टोपणनावाने पाठवलेल्या 'कृष्णविवर' या कथेला पारितोषिक मिळाले आणि तिचे लेखक डॉ. जयंत नारळीकर आहेत, हे मागाहून कळले. त्याआधीपासून भा. रा. भागवतांनी ज्यूल व्हर्नच्या कथा मराठी मुलांच्या हाती दिल्या होत्या. नट, लेखक, तंत्रज्ञ यांची वाण नाही. उणीव आहे ती पडद्याची. १९७१ मध्ये दादा कोंडके यांच्या 'सोंगाड्या'ला दादरच्या कोहिनूरमध्ये पडद्यासाठी झगडावे लागले, ही कथा सर्वश्रुत आहे. त्या झगड्याचे श्रेय पुढे भाषिक अस्मितेच्या राजकारणाने घेतले. परंतु चित्रपटगृह मालकाच्या नफ्याच्या हिशेबावर नियंत्रण आणण्याची जी कायमची तजवीज व्हावयास हवी होती, ती झाली नाही. आरडाओरड झाली की एक चित्रपट लागतो. दुसऱ्याच्या वेळी पुन्हा आरडाओरड!

एप्रिल २०१५ मध्ये राज्य सरकारने बहुपडदा चित्रपटगृहांत सायंकाळी सहा ते नऊ या वेळेत मराठी चित्रपट दाखवणे सक्तीचे करण्याची घोषणा केली. हिंदी चित्रपटसृष्टीतून आणि उच्चभ्रू वर्तुळातून ओरड होताच वेळ सैल करून दुपारी बारा ते रात्री नऊ करण्यात आली. दुपारी बाराला कामकरी माणूस कामावर असतो, हे मंत्रालयाला ठाऊक नव्हते असे मानणे कठीण आहे. शिवाय चित्रपटगृहांचा धंदाही आकुंचन पावत मोजक्या हातांत चालला आहे. पीव्हीआर आणि आयनॉक्स या दोन मोठ्या साखळ्या २०२३ मध्ये एक झाल्या. मक्तेदारीपुढे सैल नियम टिकत नाहीत. कोरियाच्या १४६ दिवसांचे सामर्थ्य हे होते की त्यात दिवस मोजता येत होते आणि ते मोजणारी संघटना जागी होती.

यावर एक आक्षेप नेहमी घेतला जातो. आता प्रत्येकाच्या हातात मोबाइल आहे, प्रत्येकाचा स्वतःचा पडदा आहे, मग चित्रपटगृहाचा हट्ट कशाला? आक्षेप वरवर बिनतोड वाटतो. लालबागच्या खोलीत आज एखादा मुलगा मोबाइलवर कोरियन मालिका पाहतो, हे खरे आहे आणि त्यात वावगे काही नाही. परंतु त्या पडद्यावर काय दिसेल, कोणत्या क्रमाने दिसेल आणि कोणता चित्रपट उद्यापासून गायब होईल, हे परदेशातील दोन-चार कंपन्या ठरवतात. आणि दुसरे असे की एकट्याने पाहणे आणि मिळून पाहणे यांत फरक आहे. अनोळखी माणसांच्या शेजारी अंधारात बसून एकाच वेळी हसणे, एकाच वेळी हळहळणे यातून समाज घडतो. 'अधांतर' या जयंत पवारांच्या नाटकावरून निघालेला 'लालबाग परळ' २०१० मध्ये आला. संपाने उद्ध्वस्त झालेल्या घराची ही कथा ज्यांनी आपल्या वस्तीतील माणसांसोबत पाहिली, त्यांना निराळे समजावून सांगण्याची गरज नाही. भांडवलशाही माणसाला आधी गिरणीतून सुटा करते, मग चाळीतून, आणि शेवटी करमणुकीतही एकटा पाडते.

दुसरा आक्षेप पैशाचा. सरकारने चित्रपटगृहे चालवावीत काय? केरळने याचे उत्तर कृतीने दिले आहे. १९७५ मध्ये स्थापन झालेले तेथील राज्य चित्रपट विकास महामंडळ स्वतःची चित्रपटगृहे चालवते. तिरुवनंतपुरमचे कैरळी हे त्यांपैकी एक. मार्च २०२४ मध्ये त्या राज्याने मोबाइलवरील प्रदर्शनासाठीही स्वतःचे सार्वजनिक व्यासपीठ सुरू केले. महाराष्ट्राने १९७७ मध्ये गोरेगावला चित्रनगरी उभारली आणि तिला फाळक्यांचे नाव दिले. चित्रपट बनवायला सरकारी जागा मिळाली, पाहायला मात्र मिळाली नाही. गाडी बांधली आणि रस्ता विसरले, असा हा प्रकार आहे. केंद्र सरकारने २०२५ च्या सप्टेंबरात शंभर रुपयांपर्यंतच्या तिकिटावरील कर पाच टक्क्यांवर आणला, हे स्वागतार्ह आहे. पण मॉलमधील पडद्यावर शंभर रुपयांचे तिकीट कितीदा मिळते, याचाही शोध सरकारने घ्यावा.

म्हणून केवळ हळहळ व्यक्त करून भागणार नाही. मागण्या स्पष्ट हव्यात. भारतमाता चित्रपटगृहाची जमीन सार्वजनिक आहे. तिच्यावर चित्रपटगृहच राहील आणि तेथील कामगारांच्या नोकऱ्या सुरक्षित राहतील, अशी लेखी हमी केंद्र व राज्य सरकारांनी दिली पाहिजे. काळाचौकीच्या इंडिया युनायटेड मिलच्या जागेवर महापालिकेने वस्त्रसंग्रहालयाची योजना आखली आहे. त्या संकुलात अल्पदराचे कायम चित्रपटगृह असावे आणि तेथे 'मिल'पासून 'लालबाग परळ'पर्यंतची परंपरा जशी सांगितली जावी, तसेच जगभरचे चित्रपट मराठी अनुवादाच्या ओळींसह दाखवले जावेत. गिरणीच्या जमिनीवर उभ्या राहिलेल्या प्रत्येक बहुपडदा चित्रपटगृहात सायंकाळचे ठरावीक खेळ मराठी व लहान चित्रपटांसाठी राखून त्यांचे दर सामान्यांना परवडतील असे ठरवावेत, आणि हे दिवस मोजण्याचा अधिकार चित्रपट कामगारांच्या व प्रेक्षकांच्या प्रतिनिधींना असावा. चित्रीकरणातील कामगाराला लेखी करार, कामाचे निश्चित तास आणि विमा यांचे संरक्षण मिळावे. पुनर्विकासात जाणारे प्रत्येक नाट्यगृह व चित्रपटगृह त्याच जागी, तेवढ्याच आसनांचे परत उभे राहिले पाहिजे. यांतील एकही मागणी क्रांतिकारक नाही. कोणत्याही सुसंस्कृत शासनाला त्या मान्य करण्यास हरकत नसावी.

कार्यकर्त्यांनी मात्र शासनाची वाट पाहत बसण्याचे कारण नाही. १९६८ मध्ये स्थापन झालेल्या प्रभात चित्र मंडळाने मुंबईच्या मराठी रसिकाला जगाचा चित्रपट दाखवण्याचे काम सभासदांच्या वर्गणीवर केले आहे. परळच्या शाळेच्या सभागृहात, लालबागच्या मंडळाच्या मांडवात, गिरगावच्या चाळीच्या चौकात परवानगी काढून महिन्यातून एक चांगला चित्रपट दाखवणे आणि त्यानंतर अर्धा तास त्यावर बोलणे अवघड नाही. शेलू-वांगणीच्या घरांवर बोळवण करू पाहणाऱ्या सरकारविरुद्ध मोर्चे काढणाऱ्या गिरणी कामगारांच्या वारसांना 'स्नोपीअर्सर'मधील शेपटीचा डबा कोणी समजावून सांगावा लागणार नाही. मुंबईत घर मागणाऱ्याला शहराच्या हद्दीबाहेरचा डबा दाखवला जातो, हे त्यांनी अनुभवलेच आहे.

घर आणि पडदा हे दोन वेगळे प्रश्न नाहीत. ज्यांनी हे शहर कापसाच्या धुळीत खोकत उभे केले, त्यांना या शहरात राहण्याचा अधिकार आहे आणि संध्याकाळी चार माणसांत बसून जगातील उत्तम ते पाहण्याचाही अधिकार आहे. 'होप' या शब्दाचा इंग्रजीतील अर्थ आशा. कोरियातील त्या बंदरगावाची गोष्ट कशी वठते, ते यथावकाश कळेल. ती लालबागच्या माणसाला लालबागमध्ये, त्याच्या ऐपतीत पाहता यावी, एवढी आशा बाळगणे गैर नाही. मात्र कोरियाच्या चित्रपट कामगारांनी ती नुसती बाळगली नाही. दिवस मोजून, संघटना बांधून आणि रस्त्यावर उतरून ती वसूल केली. गिरणगावाला ही पद्धत शिकवण्यासाठी कोणी परदेशातून येण्याची आवश्यकता नाही. ती तिची जुनीच ओळख आहे. आता तिची उजळणी करावयाची आहे.